बंदीतून सुटलेला चित्रपट, कात्रीत हरवलेला शेवट

चेकोस्लोव्हाकियातील दिग्दर्शक युराय हेर्झ यांचा ‘स्पालोवाच मृत्वोल’, म्हणजे ‘प्रेते जाळणारा’, हा भयपट मार्च १९६९ मध्ये प्रदर्शित झाला, पुढे राजकीय कारणांसाठी चित्रपटगृहांतून काढून घेण्यात आला आणि १९८९ मध्ये कम्युनिस्ट राजवट कोसळल्यानंतरच तेथील प्रेक्षकांना पुन्हा पाहता आला. लादिस्लाव फुक्स यांच्या कादंबरीवर आधारलेल्या या चित्रपटाचा नायक कोप्फरकिंगल हा प्रागच्या दाहगृहातील सभ्य, कुटुंबवत्सल कर्मचारी आहे; ज्या कंगव्याने तो प्रेताचे केस विंचरतो त्यानेच सहजपणे स्वतःचेही विंचरतो, दहनाने आत्मा मुक्त होतो असे गोड शब्दांत समजावतो आणि नाझींच्या नादी लागल्यावर त्याच मृदू स्वरात पत्नीचा व मुलाचा जीव घेतो.

चित्रपटाचे काम चालू असतानाच, ऑगस्ट १९६८ मध्ये, सोव्हिएत रणगाडे देशात शिरले. हेर्झ यांच्या सांगण्यानुसार त्यांनी त्यानंतर एक निराळा शेवट चित्रित केला, ज्यात गोळीबाराने विद्रूप झालेल्या राष्ट्रीय संग्रहालयापाशी कोप्फरकिंगलचा हसरा चेहरा दिसत होता. जुन्या जुलमाचा सेवक नव्या सत्तेच्या दारातही हजर आहे, हा त्याचा अर्थ उघड असल्यामुळे स्टुडिओच्या प्रमुखांनी तो काढायला लावला आणि तो आजतागायत हाती लागलेला नाही.

संपूर्ण चित्रपट वाचला आणि त्याचा शेवट मात्र नाहीसा झाला, यामागे कारभाराची रीत आहे. चित्रपटव्यवसाय १९४५ पासून सरकारी मालकीचा असल्याने बंदी आलेल्या चित्रपटाची निगेटिव्ह, म्हणजे जिच्यावरून प्रती काढतात ती मूळ फीत, सरकारी मालमत्ता म्हणून कुलूपबंद राहत असे. कारेल काखिन्या यांचा ‘उखो’ हा चित्रपट याच रीतीने तयार झाल्यावर सुमारे वीस वर्षांनी, १९९० मध्ये, कान महोत्सवात पोहोचला. कापलेल्या तुकड्याला स्वतंत्र नाव नसते, त्यामुळे यादीत त्याची नोंदही नसते. शिवाय काटछाट प्रदर्शनापूर्वीच झाली असेल, तर परदेशी गेलेल्या प्रतींतही तो सापडण्याची आशा फारशी उरत नाही.

अशा वेळी संशोधकाला चित्रीकरणाची संहिता, सेटवरची छायाचित्रे आणि संकलनाच्या टेबलावर उरलेली कात्रणे यांच्याकडे वळावे लागते. सोव्हिएत दिग्दर्शक आयझेनस्टाइन यांच्या, १९३७ मध्ये थांबवण्यात आलेल्या, ‘बेझिन कुरण’ या चित्रपटाची १९६०च्या दशकातील पुनर्रचना त्यांच्या पत्नीने जपलेल्या अशाच सुट्या चौकटींवरून झाली. या पुनर्रचनेत हालचाल नाही, परंतु दृश्यांचा क्रम आणि रचना कळते. हेर्झ यांच्या हरवलेल्या शेवटाबाबतही शोधाची वाजवी अपेक्षा एवढीच ठेवता येते.