जवानाच्या व्याधीचा पुरावा कोणी द्यायचा?



रणांगणावर गोळी लागलेल्या सैनिकाच्या जखमेचे कारण कोणाला शोधावे लागत नाही. सांगली जिल्ह्याचे मुरलीकांत पेटकर 1965 च्या युद्धात गोळ्यांनी जायबंदी झाले. 1972 साली हायडेलबर्ग येथील अपंगांच्या ऑलिम्पिकमध्ये पोहण्याचे सुवर्णपदक त्यांनी मिळविले. पद्मश्री मिळावयास मात्र 2018 साल उजाडावे लागले. शासनाची कृतज्ञता अशी सावकाश चालते. पण गोळीच्या जखमेबाबत ती निदान चालू तरी लागते. पुण्याचे कृत्रिम अवयव केंद्र 1944 पासून आणि खडकीचे पॅराप्लेजिक पुनर्वसन केंद्र 1974 पासून अशा जखमींसाठी उभे आहे. त्या संस्थांविषयी आदरच बाळगावयास हवा.

खरा तंटा आहे तो न दिसणाऱ्या जखमेचा. शरीराने धडधाकट म्हणून निवडलेला शेतकऱ्याचा मुलगा आठ-दहा वर्षे सीमेवर काढतो. मग त्याला अपस्माराचे झटके येऊ लागतात, किंवा मन:स्वास्थ्य ढळते, आणि वैद्यकीय मंडळ त्याला सेवेस अपात्र ठरवून घरी पाठविते. जवानांच्या भाषेत तो 'बोर्ड आउट' होतो. त्याच्या कागदावर मंडळ एक शेरा मारते: व्याधी सेवेमुळे उद्भवलेली नाही, सेवेमुळे बळावलेलीही नाही; ती प्रकृतिगत आहे.

या एका ओळीवर पुढचे सारे आयुष्य टांगलेले असते. जवानाला सेवा-निवृत्तिवेतनासाठी 15 वर्षांची नोकरी लागते. त्याआधी घरी आलेल्याला आधार उरतो तो अपंगत्व निवृत्तिवेतनाचा, आणि तोच हा शेरा काढून घेतो. 1 एप्रिल 2003 पासून माजी सैनिकांसाठी जी अंशदायी आरोग्य योजना, म्हणजे 'ईसीएचएस', सुरू आहे, तिचे दार सामान्यत: निवृत्तिवेतनाच्या किल्लीने उघडते. म्हणजे ज्याला औषधाची सर्वाधिक गरज, त्याचाच दवाखाना बंद. दहा वर्षांहून कमी सेवा झालेल्यांची तर कित्येक वर्षे एकरकमी उपदानावर बोळवण होत असे. 2020 साली त्यांना असमर्थता निवृत्तिवेतन देऊ केले गेले, तेही 4 जानेवारी 2019 रोजी वा त्यानंतर सेवेत असलेल्यांपुरतेच. त्या दिवसाआधी ज्याचे शरीर मोडले, त्याने काय करावे, याचे उत्तर त्या आदेशात नाही.

वस्तुत: 1982 चे पात्रता नियम जवानाच्या बाजूचे होते. भरतीच्या वेळी नोंदलेला दोष नसेल, तर जवान निरोगी होता आणि पुढील बिघाड सेवेमुळे झाला, असे गृहीत धरावे. त्याला पुरावा मागू नये. वाजवी संशयाचा फायदा त्यालाच द्यावा, असे ते नियम सांगत. तरीही मंडळे उलटाच न्याय करीत राहिली. धरमवीरसिंग या जवानाला 1994 साली सुमारे नऊ वर्षांच्या सेवेनंतर अपस्मारामुळे काढण्यात आले. अपंगत्व 20 टक्के ठरले आणि निवृत्तिवेतन नाकारले गेले. सर्वोच्च न्यायालयाने त्याच्या बाजूने कौल दिला तो जुलै 2013 मध्ये. एकोणीस वर्षे! मंडळाने आपल्या मताची कारणे दिली पाहिजेत, नुसता शेरा पुरत नाही, हे त्या निकालाने स्पष्ट केले. 2014 साली त्याच न्यायालयाने अपंगत्वाची टक्केवारी वरच्या टप्प्यास नेण्याचा लाभही मान्य केला, म्हणजे 50 टक्क्यांखालचे अपंगत्व 50 धरावयाचे.

निकाल लागले म्हणून भांडण मिटले, असे मात्र झाले नाही. संरक्षण मंत्रालय आपल्याच जवानांविरुद्ध अपिले करीत राहिले. मनोहर पर्रीकर संरक्षणमंत्री असताना 2015 साली नेमलेल्या तज्ज्ञ समितीने असली अपिले मागे घ्यावीत असे सुचविले होते. तरीही जुलै 2025 मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाला केंद्राच्या सुमारे 300 याचिका एकदम फेटाळाव्या लागल्या. दुसरीकडे नियमच बदलले गेले. 2008 च्या नियमांत गृहीतकाची ती स्पष्ट भाषा राहिली नाही, आणि सप्टेंबर 2023 मध्ये नियम पुन्हा नव्याने लिहिण्यात आले. न्यायालयात हरलेली बाजू परिपत्रकाने जिंकावयाची, ही नोकरशाहीची जुनी रीत आहे.

यावर सरकारपक्षाचा एक आक्षेप आहे आणि तो सर्वस्वी खोटा नाही. निवृत्तीच्या उंबरठ्यावर रक्तदाब, मधुमेह दाखवून वरिष्ठ अधिकारी या सवलतीचा लाभ उठवितात, असे सांगितले जाते. असे होत असेल तर वरच्या हुद्द्यांची काटेकोर तपासणी जरूर व्हावी. पण त्या तपासणीची किंमत अपशिंग्याच्या किंवा माण-खटावच्या शिपायाने का मोजावी? अधिकाऱ्याला वकील परवडतो, दिल्लीचे भाडे परवडते. शिपायाजवळ दोन एकर कोरडवाहू जमीन असते, आणि नकाराचे पत्र असते, तेही बहुधा इंग्रजीत.

कामगार चळवळीला हा वाद नवा वाटू नये. 1923 च्या नुकसानभरपाई कायद्याने कामगाराच्या व्याख्येतून सैनिकाला स्पष्ट शब्दांत वगळले. उलट, कर्मचारी राज्य विमा कायद्यात 1966 च्या दुरुस्तीने अशी तरतूद आली की, काम चालू असताना झालेला अपघात विरुद्ध पुरावा नसेल तर कामामुळेच झाला असे मानावे. गिरणीतल्या माणसाने लढून जे मिळविले, ते बर्फात उभ्या असलेल्या माणसाला मिळू नये, याचे समर्थन कोणते? त्याला संघटना करण्याचा अधिकार नाही, एवढेच कारण दिसते.

2022 च्या अग्निपथ योजनेने ही भेग रुंदावली. चार वर्षांनंतर परतणाऱ्या अग्निवीराला निवृत्तिवेतन नाही, माजी सैनिकाचा आरोग्यलाभ नाही. अपंगत्व आलेच, तर 100, 75 व 50 टक्क्यांच्या टप्प्यांनुसार 44, 25 व 15 लाख रुपये एकरकमी, आणि तेही सेवेशी संबंध सिद्ध झाला तर. पुन्हा तोच शेरा, तेच मंडळ! प्रशिक्षणात जायबंदी झालेल्या छात्रांची हीच गत होती. सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट 2025 मध्ये आपणहून दखल घेतली, तेव्हा त्याच महिन्यात त्यांना 'ईसीएचएस' लागू झाली. इतके सोपे होते तर इतकी वर्षे अडले कोठे?

मागणी त्यामुळे नेमकी असावी. निरोगी म्हणून घेतलेला जवान आजारी होऊन परतला, तर सेवेशी संबंध नाही हे सिद्ध करण्याचा भार शासनावर असावा. तंटा चालू असेतोवर त्याचे उपचार थांबू नयेत, आणि अग्निवीरालाही हाच नियम लागू व्हावा. तालुक्याच्या कार्यकर्त्यांना दरम्यान हातचे काम आहे. बोर्ड आउट झालेल्या जवानाकडे डिस्चार्ज बुक बहुधा असते, वैद्यकीय मंडळाच्या अहवालाची प्रत मात्र पुष्कळदा नसते, आणि कारणे न देता मारलेला शेरा तीतच सापडतो. ती प्रत अर्ज करून मागवावी. मग जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयात जवानाबरोबर जावे. तेथे दाद न मिळाल्यास मुंबईच्या सशस्त्र दल न्यायाधिकरणापुढे अर्ज करता येतो.