‘कुंकू’ आजही का पाहावासा वाटतो?

(मंडळाच्या वर्धापनदिनी पवई येथे केलेले भाषण)



चित्रपट काढणारी बाई आपल्याच चित्रपटांविषयी बोलेल, असे तुम्हांला वाटले असेल. पण मी बोलणार आहे १९३७ सालच्या ‘कुंकू’विषयी. ‘प्रभात’चा हा बोलपट व्ही. शांताराम यांनी ना. ह. आपटे यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ या कादंबरीवरून काढला.

जरठ-कुमारी विवाह हा विषय तेव्हाही नवा नव्हता. देवलांच्या ‘शारदा’ नाटकाने १८९९ सालीच तो रंगभूमीवर आणला होता. पण तेथे वधूवर सगोत्र निघतात, लग्न मोडते आणि आपण सुटकेचा निःश्वास टाकतो. ‘कुंकू’तल्या नीरेचे लग्न लागून जाते. शास्त्र तिच्या मदतीला येत नाही. उरतो फक्त तिचा नकार! त्याच घरात राहून, ते लग्न मानण्याचे ती साफ नाकारते. शांता आपटे यांची ती ताठ मान विसरता येत नाही.

माझ्या धंद्याच्या दृष्टीने मोठी गोष्ट अशी, की या चित्रपटाला पार्श्वसंगीत नाही. घड्याळाची टिकटिक आणि घरातले, रस्त्यावरचे आवाज, एवढेच. आम्ही मंडळी प्रसंग कमी पडला की व्हायोलिने लावतो. येथे रडण्याची खूण कोणी करीत नाही, म्हणून नीरेचा शब्द सरळ कानांवर पडतो.

केशवराव दाते यांनी काकासाहेबांना खलपुरुष होऊ दिलेले नाही. त्यांचे आधी हसू येते, मग कीव येते. त्यांच्या विधवा मुलीचे काम करणाऱ्या शकुंतला परांजपे यांनी तर पुढे संततिनियमनाच्या कार्याला वाहून घेतले. (दिग्दर्शिका सई परांजपे यांच्या त्या मातोश्री.)

शेवट मात्र मला खटकतो. काकासाहेब पत्र लिहून जीव देतात आणि नीरेला मोकळी करतात. इतके झगडून मोकळीक आली ती पुन्हा त्यांच्याच हातून! माझी मुलगी म्हणाली, “ती स्वतःच का निघून जात नाही?” मी म्हटले, “जाणार कोठे? मुंबई प्रांतात हिंदूंसाठी घटस्फोटाचा कायदा झाला १९४७ साली, देशभर १९५५ साली.” त्यावर तिचे उत्तर : “तरी तिला उंबरठा ओलांडताना पाहायचे होते मला.”

पुढच्या रविवारी मंडळात आपण ‘कुंकू’ पाहणार आहोत. सुनांना, नातींना घेऊन या. आणि दिवे लागल्यावर घरी जायची घाई करू नका. आमच्या मायलेकींचा वाद अजून मिटलेला नाही.