पैज लावणारे हात
(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



मी सातवीपर्यंत शिकलेली साधी गृहिणी. व्याख्यान देणे हे काही माझे काम नव्हे. पण चिटणीसबाईंनी आग्रहच धरला, "भिशीच्या दिवशी जे बोललात तेच सर्वांसमोर सांगा." म्हणून चार शब्द बोलते. चुकले तर सांभाळून घ्यावे.

मला सांगावयाचे आहे ते एका इंग्रजी चित्रपटाविषयी. त्याचे नाव 'नर्व्ह'. जीन रायन या लेखिकेच्या २०१२ सालच्या कादंबरीवरून तो २०१६ साली निघाला. माझ्या मुलीने तो मला अर्थ सांगत सांगत दाखविला.

गोष्ट न्यूयॉर्कची. व्ही नावाची, शाळेच्या शेवटच्या वर्षातली एक मुलगी. आई रुग्णालयात परिचारिका, थोरला भाऊ वारलेला. मुलगी बुजरी. मैत्रिणीचा टोमणा तिला लागतो आणि ती फोनवरच्या एका खेळात नाव घालते. या खेळात दोनच पक्ष: खेळणारे आणि पाहणारे. पाहणारे पैसे भरून पैजा घालतात. खेळणाऱ्याने त्या पार पाडून फोनवर दाखवावयाच्या, की पैसे खात्यात जमा! पहिली पैज थट्टेवारीची असते. मग डोळे बांधून ताशी साठ मैल वेगाने मोटारसायकल चालविणे येते. दोन उंच इमारतींमध्ये आडवी शिडी टाकून तिच्यावरून पलीकडे जाणे येते. पैजेगणिक पैसे वाढतात, पाहणारे वाढतात आणि जिवाचा धोकाही वाढतो.

आपण बायका यावर लगेच म्हणतो, पोरगीच आगाऊ, नाही तर आईचेच लक्ष नाही. पण भगिनींनो, पाहणारेच नसते तर ती त्या शिडीवर कशाला चढली असती?

पैजा आपल्याकडेही पूर्वीपासून आहेत. अमावास्येच्या रात्री मसणात खुंटी ठोकून येण्याची पैज आपण लहानपणी ऐकली आहे. अंधारात त्या गड्याने आपल्याच धोतराचा सोगा खुंटीखाली ठोकला आणि भुताने धरले असे वाटून तो भीतीने मेला. पण ती पैज लावणारे चौघेच होते, आणि त्या चौघांना सारा गाव ओळखत होता. जन्मभर त्यांना त्या घरावरून मान खाली घालूनच जावे लागले असेल. आज पैज लावणारे लाखो आहेत आणि त्यांना नाव नाही, गाव नाही.

त्या चित्रपटाचा शेवट मला याचसाठी मोलाचा वाटला. शेवटी पिस्तूल रोखण्याची पैज येते. गोळी घालावी काय, यावर पाहणारे मत देतात आणि खुशाल 'घालावी' म्हणतात. तेव्हा व्हीचे मित्र अशी करामत करतात, की प्रत्येक पाहणाऱ्याच्या फोनवर त्याचे खरे नाव उमटते आणि 'या खुनात तुझाही हात आहे' असा निरोप येतो. त्यासरशी सारे पटापट पळ काढतात. खेळ तिथेच संपतो.

आता आपल्याकडचे पाहा. २०१८ साली धावत्या लोकलशेजारी नाचून तीन तरुणांनी त्याचे चित्रण लोकांना दाखविले. वसईच्या रेल्वे न्यायालयाने त्यांना तीन दिवस वसई स्थानक झाडावयास लावले. योग्यच झाले. पण ते चित्रण आवडीने पाहणाऱ्यांपैकी एकाच्याही हाती झाडू आला नाही!

गेल्या पावसाळ्यात आपल्या नाल्याच्या पुलावर काय झाले ते पुष्कळ जणींना ठाऊक आहे. दोन मुले कठड्यावर उभी, खाली पाणी फुगलेले, आणि पाच जण फोन धरून "अजून पुढे, अजून पुढे" म्हणत होते. आपल्यातल्याच एक बाई भाजीची पिशवी घेऊन चालल्या होत्या. त्या कठड्यावरच्या मुलांना काहीच बोलल्या नाहीत. त्यांनी त्या पाचांकडे वळून एकेकाला नावाने हाक मारली, "तू अमकीचा ना? आई घरी आहे का?" पाचही फोन खिशात गेले. मग कठड्यावरची दोघेही मुकाट्याने उतरली. बघायलाच कोणी उरले नाही, मग उभे तरी कशासाठी राहावयाचे?

माझे मागणे दोनच गोष्टींचे आहे. मुलांच्या जिवावरची चित्रे आपल्या फोनवर आली, तर त्यांवर बदाम उमटवू नये आणि ती पुढेही धाडू नयेत. आपले बोट म्हणजे पैजेतला एक पैसाच आहे. दुसरे असे, की वाढत्या वयात कोणीतरी आपल्याकडे पाहावे असे प्रत्येक मुलाला वाटते. ती भूक खोटी नाही. घरात पाठीवर हात फिरला नाही, तर मूल परक्यांच्या टाळ्या गोळा करीत फिरते. मुलाने सायकल दुरुस्त केली, मुलीने पहिली भाकरी थापली, तर हातातले काम ठेवून दोन मिनिटे पाहावे आणि नाव घेऊन शाबास म्हणावे.