साठेखत, मनाई हुकूम आणि माझं 'थांब जरा'

(रौप्यमहोत्सवी वर्षाच्या कार्यक्रमात संस्थेच्या सभागृहात दिलेल्या भाषणाचा मजकूर)



अशा आनंदाच्या प्रसंगी कोर्टकचेरीचा विषय कशाला, असं काहींना वाटेल. पण आपल्या सोसायटीतल्या बऱ्याच घरांत सध्या गावाकडे किंवा शहराबाहेर प्लॉट घेण्याचे बेत चालू आहेत. बँकेतला जुना माणूस म्हणून लोक मला कागद दाखवायला येतात. मी वकील नाही. नोकरीत कागद पुष्कळ बघितले आणि एक चूक स्वतः केली, तेवढ्याच अधिकारावर बोलतो.

माझ्या धाकट्या भावाने एक बिनशेती प्लॉट ठरवला. इसार दिला, साठेखत लिहिलं. पण नोंदणीचा खर्च वाचवायला ते नुसतं नोटरीसमोर केलं. पुढे भाव चढले आणि मालक टाळाटाळ करू लागला. प्लॉट दुसऱ्या कुणाला दाखवला जातोय असं कळल्यावर भाऊ घाबरून माझ्याकडे आला. मी म्हणालो, "अरे, माणूस ओळखीचा आहे. कोर्टात गेलास तर संबंध तुटतील. थांब जरा." त्या 'जरा'चे नऊ महिने झाले. तेवढ्यात मालकाने तिसऱ्यालाच खरेदीखत करून दिलं.

आता कायदा काय म्हणतो ते बघू. मालमत्ता हस्तांतरण कायदा, 1882 च्या कलम 54 प्रमाणे नुसत्या साठेखताने जमिनीत हक्क निर्माण होत नाही. मालकी खरेदीखतानेच मिळते. समोरच्याने करार मोडला तर करारपूर्तीचा दावा लावावा लागतो, आणि त्याच्या निकालाला वर्षं लागतात. तोवर जमीन विकली जाऊ नये म्हणून दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर 39 खाली तात्पुरता मनाई हुकूम मागता येतो.

तो मागितला की मिळतो, असं मात्र नाही. कोर्ट तीन गोष्टी बघतं. प्रथमदर्शनी तुमच्या म्हणण्यात दम आहे का? हुकूम दिला किंवा नाकारला, तर जास्त गैरसोय कोणाची होईल? आणि तुमचं नुकसान पैशाने भरून येण्यासारखं आहे का? याशिवाय, तुम्ही वेळेवर आलात का, हेही बघितलं जातं.

आमच्या अर्जाच्या सुनावणीत पहिला प्रश्न हाच आला: कळल्यावर नऊ महिने काय करत होता? दुसरा प्रश्न: उरलेली रक्कम द्यायला तयार होता, याचा कागद कुठे आहे? भावाकडे पैसे तयार होते, पण सगळं बोलणं फोनवर. नव्या खरेदीदाराने सांगितलं, मी सर्च घेतला, नोंदणीत काहीच नव्हतं. अर्ज नामंजूर झाला. मनाई हुकूम होणारी गोष्ट थांबवतो. झालेलं खरेदीखत त्याने रद्द होत नाही. शेवटी तडजोडीत इसार व्याजासकट परत आला. प्लॉट गेला तो गेलाच.

म्हणून तरुण मंडळींना चार गोष्टी सांगतो. साठेखत दुय्यम निबंधकाकडे नोंदवा. मग पुढचा खरेदीदार 'मला माहीत नव्हतं' म्हणू शकत नाही. पैसे तयार आहेत, खरेदीखत करून द्या, असं मुदतीतच लेखी कळवा आणि पोच जपून ठेवा. कर्ज मंजुरीचं पत्रही त्याच फायलीत लावा. शंका आली की लगेच वकील गाठा. करारपूर्तीच्या दाव्याला मुदत तीन वर्षांची असली, तरी मनाई हुकूम मागणाऱ्याने तितकं थांबून चालत नाही. आणि दावा लावलात की त्याची नोटीसही दुय्यम निबंधकाकडे नोंदवून घ्या. दावा चालू असताना जो जमीन घेईल त्याला निकाल बांधील राहतो. इसार परत मिळण्याची पर्यायी मागणीही दाव्यात घाला. आमच्या वकिलांनी ती घातली होती, म्हणून निदान पैसे तरी आले.

बँकेत मी कर्जदारांना सांगत असे, ओळख वेगळी आणि कागद वेगळा. घरच्या माणसाला मात्र ते सांगितलं नाही. भाऊ मला एका शब्दाने बोलला नाही. फक्त दिवाळीला फराळाला आला की निघताना दारात विचारतो, "दादा, थांबू का जरा?" सगळे हसतात. मीही हसतो.

आपल्या संस्थेला पुढच्या वाटचालीसाठी शुभेच्छा.