सामायिक लायब्ररी आणि न सापडणारी फाईल

(वेलचेरी, चेन्नई येथे मराठी वाचकांसमोर दिलेले व्याख्यान)



प्रस्तुत पुस्तकाचा अनुवाद करीत असताना ज्या एका शब्दाने मला सर्वांत अधिक काळ थांबविले, त्याविषयी आज बोलावयाचे आहे. तो शब्द म्हणजे ‘लायब्ररी’. संगणकातील ‘शेअर्ड लायब्ररी’ला सामायिक ग्रंथालय म्हणावे की मूळ शब्दच ठेवावा, हे ठरविण्यापूर्वी ती वस्तू काय आहे हे समजून घेणे भाग होते. पुढे माझ्याच संगणकाने हा धडा मला पुन्हा एकदा, आणि काहीशा कठोरपणे, शिकविला.

हे नाव अकारण पडलेले नाही. केंब्रिज विद्यापीठातील एडसॅक हा संगणक ६ मे १९४९ रोजी प्रथम चालला. वर्गमूळ काढणे, उत्तर छापणे यांसारखी कामे प्रत्येक गणितात पुनःपुन्हा लागत. त्यांच्या सूचना छिद्रे पाडलेल्या कागदी फितींवर एकदाच तयार करून कपाटात लावून ठेवण्याची पद्धत तेथे रूढ झाली. विल्क्स, व्हीलर आणि गिल यांनी १९५१ साली या पद्धतीवर ग्रंथही प्रसिद्ध केला. ज्याला जी फीत हवी, तिची नक्कल त्याने आपल्या फितीत उतरवून घ्यावी, असा तो व्यवहार होता.

नक्कल उतरवून घेण्यात मात्र एक दोष आहे. शंभर कार्यक्रमांनी तोच भाग आपापल्या पोटात साठविला, तर जागा शंभरपट लागते. शिवाय मूळ भागात चूक सापडली की शंभर ठिकाणी दुरुस्ती करावी लागते. यावर उपाय असा निघाला की, तो भाग वेगळ्या फाईलीत एकदाच ठेवावा आणि कार्यक्रमाने केवळ तिचे नाव आपल्यापाशी नोंदवावे. हीच सामायिक लायब्ररी होय. लिनक्स प्रणालीत अशा फाईलीच्या नावात ‘एसओ’ ही अक्षरे येतात, तर विंडोज प्रणालीत तिला ‘डीएलएल’ म्हणतात.

कार्यक्रम सुरू होताच ‘लोडर’ नावाची यंत्रणा ग्रंथपालाचे काम करू लागते. कार्यक्रमाने नोंदविलेली नावे ती वाचते आणि ठरलेल्या जागी शोध घेते. कार्यक्रमात एखादी जागा लिहून ठेवलेली असल्यास तेथे, वापरणाऱ्याने वेगळी जागा सांगितली असल्यास तेथे, त्यानंतर आधीच करून ठेवलेल्या सूचीत आणि शेवटी प्रणालीच्या नेहमीच्या कपाटांत. या ठिकाणांपलीकडे ती पाहत नाही. म्हणून ‘फाईल सापडत नाही’ या संदेशाचा अर्थ ‘फाईल नष्ट झाली’ असाच असतो असे नाही. ती दुसऱ्या कपाटात असेल, सूचीत तिची नोंद नसेल किंवा तिची निराळी आवृत्ती तेथे असेल.

आवृत्तीचा मुद्दा विशेष महत्त्वाचा आहे. नावाच्या शेवटी असणारा आकडा शोभेचा नसतो. एकाच ग्रंथाच्या दोन हस्तलिखितांत पाठभेद असतात आणि एकाच्या ओवीक्रमांकावरून दुसऱ्यात शोधू लागल्यास भलतीच ओवी हाती येते, हे मराठीच्या अभ्यासकाला सांगावयास नको. येथेही तसेच आहे.

माझी कथा याच आकड्याची आहे. बारा वर्षे जमविलेल्या पारिभाषिक शब्दांच्या नोंदी मी एका लहानशा कोशकार्यक्रमात ठेवीत आले आहे. हा कार्यक्रम मी स्वतः, प्रणालीच्या नेहमीच्या मार्गाबाहेरून, बसविलेला होता. मराठी शब्द वर्णानुक्रमे लावण्यासाठी तो ‘आयसीयू’ नावाच्या लायब्ररीचा आधार घेतो. २०२३ साली डेबियन प्रणालीची बारावी आवृत्ती निघाली. ती मी संगणकावर बसविली आणि कोश उघडेना. संदेश होता की, ‘लिबआयसीयूयूसी.एसओ.६७’ ही फाईल सापडत नाही. नव्या प्रणालीत होती ती ७२ क्रमांकाची.

बारा वर्षांच्या नोंदी गेल्या, या कल्पनेने मी घाबरले आणि घाईत मोठी चूक केली. ७२ क्रमांकाच्या फाईलीला ६७ असे दुसरे नाव जोडून दिले. लोडर त्या नावाने फसला खरा. पण आयसीयूच्या आतील प्रत्येक कार्याच्या नावालाही आवृत्तीचा आकडा जोडलेला असतो. परिणामी पहिला संदेश जाऊन दुसरा आला : अमुक कार्य आढळत नाही. मुखपृष्ठ बदलल्याने आतील पाठ बदलत नाही, हे मला त्या रात्री उमगले.

दुसऱ्या दिवशी शांत चित्ताने क्रमवार पाहिले. संदेशातील नाव आकड्यासह जसेच्या तसे उतरवून घेतले. ‘एलडीडी’ या आज्ञेने कार्यक्रमाला लागणाऱ्या सर्व लायब्रऱ्यांची यादी मिळाली. तीत कोणती सापडत नाही हेही दिसले. ही आज्ञा अनोळखी कार्यक्रमावर चालवू नये, कारण तिच्यामुळे तो कार्यक्रम चालू होण्याचा संभव असतो. नंतर ती फाईल कोणत्या पॅकेजात येते हे शोधले. ६७ क्रमांकाचे पॅकेज डेबियनच्या अकराव्या आवृत्तीतील होते. जोडलेले खोटे नाव काढून ते पॅकेज डेबियनच्याच भांडारातून बसविले. दोन्ही आवृत्त्यांची नावे निराळी असल्याने त्या शेजारी शेजारी नांदतात. कोश उघडला. नोंदी तर वेगळ्याच फाईलीत सुरक्षित होत्या. त्यांना कधी धक्काच लागला नव्हता. अर्थात ही तात्पुरती सोय होय. खरा उपाय म्हणजे कार्यक्रमाची नव्या लायब्ररीसाठी सिद्ध केलेली प्रत मिळविणे, आणि पुढे मी तेच केले.

फाईल संगणकावर असूनही सापडत नसेल, तर तिची जागा सूचीच्या यादीत लिहून ‘एलडीकॉन्फिग’ या आज्ञेने सूची नव्याने करावी. विंडोजमध्ये ‘एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल’ नसल्याची तक्रार पुष्कळदा दिसते. तेथे मायक्रोसॉफ्टचे व्हिज्युअल सी++ चे अधिकृत पॅकेज बसवावे. सुटी फाईल कोठून तरी उतरवून घेणे मात्र टाळावे. ती कोणत्या आवृत्तीची आहे, तिच्यात काय दडले आहे, याची शाश्वती नसते.

आपण जेथे बसलो आहोत त्या वेलचेरीला लागूनच तरमणी आहे. तेथील सी-डॅकच्या चेन्नई केंद्राने २००७ साली ‘बॉस’ ही भारतीय भाषांची सोय असलेली प्रणाली प्रसिद्ध केली. तीही डेबियनवरच आधारलेली असल्याने वर सांगितलेला क्रम तेथेही उपयोगी पडेल.

राहिला शब्दाचा प्रश्न. पुस्तकात मी ‘सामायिक लायब्ररी’ असेच ठेवले आहे. ‘ग्रंथालय’ हा शब्द मला अधिक प्रिय आहे. परंतु रात्री एकट्या बसलेल्या वाचकासमोर जो संदेश येईल, त्यात ‘लायब्ररी’ हाच शब्द असेल, आणि तो पाहताच त्याला या पुस्तकातील योग्य पान आठवले पाहिजे.