पाठदुखीचा नववा खण



भाषेच्या या व्यासपीठावरून मी आज रोगनिदानाच्या आकड्यांविषयी बोलणार आहे. विषय वैद्यकाचा असला तरी त्यातला गुंता शब्दांचा आहे, म्हणून तो इथे मांडते.

जागतिक आरोग्य संघटनेने आजारांचे आंतरराष्ट्रीय वर्गीकरण केले आहे. त्यात प्रत्येक आजाराला एक संकेत असतो. त्याची अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली. तरी दहावी आवृत्ती अजून वापरात आहे. दहाव्या आवृत्तीत पाठदुखीचे घर 'एम ५४'. कंबरदुखी ५४.५, कंबरेतून पायात उतरणारे दुखणे ५४.४. शेवटी दोन खण उरतात : ५४.८ 'इतर' आणि ५४.९ 'अनिर्दिष्ट'.

या दोन शेजाऱ्यांमधला फरक भाषेच्या विद्यार्थ्याने नीट पाहावा. 'इतर' म्हणजे दुखणे कोणते ते सांगितले आहे, पण त्याला स्वतंत्र खण नाही. 'अनिर्दिष्ट' म्हणजे कागदावर काही सांगितलेलेच नाही. संकेत घालणारा कर्मचारी एरवी रुग्णाला भेटत नाही. डॉक्टरांनी लिहिले तेवढ्यावरून तो आकडा घालतो. कागदावर नुसते 'बॅकपेन' असेल, तर त्याच्यापुढे नवाचाच खण उरतो.

आता आपल्या भागाकडे या. निपाणी परिसरात अनेक घरांत बायका विड्या वळतात. मजुरी हजार विड्यांच्या हिशेबाने. मांडी घालून बसायचे, पुढ्यात सूप, मान खाली, बोटे चालू. अशा बाईला विचारा, काय होतंय? ती 'पाठ दुखते' एवढ्यावर थांबत नाही. बसून बसून पाठ अवघडली, असे सांगते. मानेखाली रग लागते. उठताना कमरेत चमक निघते. वाकले की उसण भरते. कळ कंबरेतून पोटरीपर्यंत जाते, पायाला मुंग्या येतात. यातला एकेक शब्द जागा सांगतो, वेळ सांगतो, कोणत्या हालचालीने दुखते ते सांगतो. 'कळ' आणि 'मुंग्या' हे दोन शब्द डॉक्टरांच्या कानावर नीट पडले, तर ते नसेची तपासणी करतील, आणि कदाचित खणही बदलेल.

कानडी बोलणारी बाई म्हणते, 'सोंट हिडकोंडिदे'. शब्दशः, 'कंबर धरली'. सीमेच्या दोन्ही अंगांच्या भाषांनी या दुखण्याला एकच क्रियापद दिले आहे. मात्र केसपेपर बहुतेक वेळा इंग्रजीत लिहिला जातो, आणि दोन्ही बायकांचे बोलणे तिथे एकाच शब्दात मिटते.

इथे डॉक्टरांवर अन्याय नको. जागतिक आरोग्य संघटनेच्या मते कंबरदुखीच्या सुमारे ९० टक्के रुग्णांत दुखण्यामागे एखादा विशिष्ट आजार वा शरीरातला बिघाड नेमका दाखवता येत नाही. ते वैद्यकाचे प्रामाणिक उत्तर आहे. पण कारण न सापडणे वेगळे आणि रुग्णाने सांगितलेले न लिहिले जाणे वेगळे. मी बोलते आहे ती दुसऱ्या गोष्टीविषयी.

तिचे कामही असेच गळते. याच वर्गीकरणात 'झेड ५६.६' हा संकेत कामामुळे येणाऱ्या शारीरिक-मानसिक ताणासाठी आहे. म्हणजे जागा आहे; पण बाई काय काम करते हे कुणी विचारून लिहिले तरच ती भरणार. १९६६च्या विडी व सिगार कामगार कायद्याने घरी बसून विड्या वळणारीलाही कामगार मानले. तिच्या केसपेपरवर मात्र 'गृहिणी' लिहिले गेले, तर त्या कागदापुरती ती कामगार राहत नाही. अशा कागदांची बेरीज करून आकडेवारी बनते. २०२० मध्ये जगात ६१.९ कोटी लोकांना कंबरदुखी होती, आणि २०५० पर्यंत हा आकडा ८४.३ कोटींवर जाईल असा अंदाज आहे. त्यात निपाणीची बाई मोजली गेली तरी तिची पाठ कशाने गेली, हे त्या बेरजेतून कळणार नाही. जे मोजले जात नाही त्यासाठी योजना मागायची तरी कशाच्या आधारे?

म्हणून माझी सूचना साधी आहे. आपल्या विद्यार्थ्यांनी घरातल्या, गल्लीतल्या बायकांकडून दुखण्याचे शब्द गोळा करावेत : शब्द कोणता, दुखते कुठे, कोणत्या वेळी, काय करताना. मराठीच्या शेजारी कानडी शब्द लिहावा. ही यादी डॉक्टरांकडून तपासून, इंग्रजी अर्थासह दोन पानांत छापावी आणि दवाखान्यांत ठेवावी. बोलीच्या अभ्यासासाठी आपण ओव्या आणि म्हणी जमवतोच. त्याच वहीत हे शब्दही बसतील.

आणि आईबरोबर दवाखान्यात जाणाऱ्या प्रत्येक विद्यार्थ्याने एवढे करावे : 'आई विड्या वळते, दिवसाला इतके तास बसते', हे डॉक्टरांना सांगावे आणि कागदावर लिहून द्यायची विनंती करावी.