आल, सरकी आणि फवारा



रासायनिक उद्योग म्हटला की तुर्भे, तारापूर, लोटे-परशुराम ही नावं येतात. वऱ्हाडचं नाव कुणी घेत नाही. वऱ्हाड मात्र या उद्योगाच्या इतिहासात पहिल्या प्रकरणापासून आहे.

एकोणिसाव्या शतकात आपल्या काळ्या जमिनीत आल ही रंग देणारी वनस्पती पिकायची. ती काही वर्षं वाढू द्यायची, मग खोल खणून मुळं काढायची, कुटायची आणि तुरटी लावलेल्या कापडावर त्यांचा पक्का लाल रंग चढवायचा. शेतकऱ्याचं आणि रंगाऱ्याचं घर त्यावर चाले. जून १८६९ मध्ये जर्मन संशोधकांनी आणि इंग्लंडमध्ये रसायनतज्ज्ञ पर्किनने, एका दिवसाच्या अंतराने, डांबरातल्या द्रव्यापासून अलिझारिन बनवण्याच्या पेटंटसाठी अर्ज केले. अलिझारिन हा खरा मंजिष्ठेचा रंग. पण कारखान्यात बनलेल्या त्याच्या स्वस्त पुडीपुढे आलही टिकली नाही. १८६७ मध्ये नागपूरपर्यंत पोचलेली रेल्वे अकोला-बडनेऱ्याहून कापूस नेत होती. परदेशी मालही त्याच रुळांवरून आत आला.

रंगांवर मोठ्या झालेल्या बायर आणि बास्फ या जर्मन कंपन्या १९२५ मध्ये आय. जी. फार्बेनमध्ये एकत्र आल्या. तिथे १९३६ मध्ये गेरहार्ड श्राडर कीटकनाशकं शोधत होता आणि त्याच्या हाती टॅबुन लागलं, माणसाचा श्वास थांबवणारं. आपल्या कपाशीवर वर्षानुवर्षं मारलेलं मोनोक्रोटोफॉस टॅबुनच्याच, म्हणजे सेंद्रिय फॉस्फरसच्या कुळातलं. ज्या उद्योगाने आपल्या शेतातला रंग संपवला, त्याचीच पुढची पिढी डबाबंद होऊन त्याच शेतात परतली.

२०१७ च्या पावसाळ्यात यवतमाळ जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेने वीसहून अधिक शेतकरी-शेतमजूर दगावले. कपाशी माणसाच्या उंचीची झाली होती, हवा दमट होती, दोन-तीन औषधं एकाच पंपात मिसळली जात होती. मजुराने हातमोजे घातले नाहीत, असं सांगून अनेक जण मोकळे झाले. मला ते मान्य नाही. भर उकाड्यात अंगावर प्लास्टिकचा अंगरखा चढवून दिवसभर फवारणी कोण करेल? माणसाला पेलवत नाही अशी सुरक्षितता कागदावरच राहते, आणि हा प्रश्न रसायनतज्ज्ञाचाही आहे.

आता त्याच कपाशीच्या सरकीकडे वळतो. कापूस जिनमध्ये गेला की वजनाने साधारण एक तृतीयांश रुई निघते, उरलेली बहुतेक सरकी. तिच्या कच्च्या तेलात गॉसिपॉल हे घातक द्रव्य असतं. कॉस्टिक सोड्याने ते काढलं की तेल खाण्याजोगं होतं आणि खाली बसलेला गाळ साबणाला जातो. अमेरिकेत १९११ मध्ये सरकीच्या तेलात हायड्रोजन घालून 'क्रिस्को' बाजारात आलं आणि एका साबण कंपनीचं रूप पालटलं. सरकीवरच्या लवेपासून तर सेल्युलोज मिळतो, जो रंगांना, औषधाच्या गोळ्यांना, कागदाला लागतो. रावबहादूर डी. लक्ष्मीनारायण यांच्या देणगीतून नागपुरात १९४२ साली संस्था उभी राहिली, तिथे तेल तंत्रज्ञान शिकवलं गेलं. शिकलेली आपली मुलं मात्र मुंबई-गुजरातच्या कारखान्यांत गेली, कारण इथे आपण तेल आणि ढेप काढण्यापाशीच थांबलो. कच्चा माल दारात आणि किमतीची शेवटची भर दुसऱ्याच्या दारी, ही कापूस रेल्वेने जाऊ लागल्यापासूनची रीत मोडता येते. त्यासाठी अजस्र कारखाना लागत नाही. लव स्वच्छ करून सेल्युलोजपर्यंत नेणारा मध्यम उद्योग अकोल्यात किंवा नांदगाव पेठेत उभा राहू शकतो.

फवारणीच्या प्रश्नावर या परिषदेपुढे माझी एक ठोस मागणी आहे. अमरावती विद्यापीठाचा रासायनिक तंत्रज्ञान विभाग आणि अकोल्याचं डॉ. पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठ यांनी मिळून, शेतकरी प्रत्यक्षात जी मिश्रणं पंपात घालतात ती तपासावीत. कोणतं मिश्रण घातक आहे, हे वऱ्हाडी बोलीत छापून हंगामाआधी कृषी केंद्रांच्या भिंतीवर लावावं. हे काम पगारी प्रकल्पाची वाट पाहणारं नाही. त्यासाठी वेळ देऊ शकणाऱ्या प्राध्यापकांची आणि विद्यार्थ्यांची नावं आज दुपारच्या सत्राआधी याच सभागृहात नोंदवून घ्यावीत, अशी संयोजकांना माझी विनंती आहे.